प्रत्येक तुकड्याचा प्लॅनेरिया होतो का?

चपट्या कृमींबद्दल आलेल्या पत्रांतले निवडक प्रश्न या वेळी घेतले आहेत. बहुतेक पत्रांचा सूर एकच आहे: प्लॅनेरिया हा पाण्यातला चपटा किडा कापला की त्याचे दोन होतात, मग याला मरण आहे की नाही? म्हणून सुरुवात तिथूनच.

प्रश्न : वर्गात आम्ही सांगतो की प्लॅनेरियाचे कितीही तुकडे केले तरी प्रत्येकाचा पूर्ण प्राणी होतो. 'कितीही' म्हणजे नेमके किती? (शिक्षिका, सांगली)

'कितीही' हा शब्द मुलांना आवडतो, पण तो खरा नाही. अमेरिकी शास्त्रज्ञ थॉमस हंट मॉर्गन यांनी १८९८ साली हा प्रश्न नेटाने तपासला. हेच मॉर्गन पुढे फळमाशीवरच्या कामासाठी नोबेलचे मानकरी ठरले. मूळ प्राण्याच्या सुमारे २७९ व्या भागाएवढा तुकडाही पूर्ण प्राणी घडवू शकतो, हा त्यांचा आकडा आजही सगळीकडे सांगितला जातो. एवढ्याशा तुकड्यातही हजारो पेशी असतात. त्याहून लहान तुकडे बहुधा जखम बंद होण्याआधीच विरघळतात.

आकारापेक्षा महत्त्वाचं आहे ते तुकडा कुठला, हे. दोन जागांचे तुकडे कधीच नवा प्राणी देत नाहीत. पहिली जागा म्हणजे डोळ्यांच्या पुढचं टोक आणि दुसरी म्हणजे ग्रसनी, म्हणजे पोटाकडून बाहेर येणारी ती पांढरी नळी. कारण या दोन्ही ठिकाणी निओब्लास्ट नसतात. निओब्लास्ट या प्लॅनेरियाच्या मूलपेशी. आकाराने लहान, गोल, मोठ्या केंद्रकाच्या या पेशी आतडं आणि त्वचा यांच्यामधल्या भरीव ऊतीत विखुरलेल्या असतात. एकूण पेशींपैकी साधारण पाचवा ते चौथा हिस्सा त्यांचाच असतो. प्रौढ शरीरात विभाजन होतं ते फक्त यांचं. त्वचेची, स्नायूची, मेंदूची पेशी विभागत नाही, ती झिजून मरते आणि तिच्या जागी निओब्लास्टची नवी पिलावळ येते.

म्हणूनच प्लॅनेरियावर क्ष-किरणांचा मोठा मारा केला की तो लगेच मरत नाही. आधी नवी पेशी बनणं थांबतं, मग डोक्याचा पुढचा भाग आक्रसतो, शरीर पोटाकडे वळतं आणि काही आठवड्यांत तो संपतो. २०११ साली पीटर रेडियन यांच्या प्रयोगशाळेत अशा मरणपंथाला लागलेल्या प्राण्यांत दुसऱ्या प्लॅनेरियाचा एकच निओब्लास्ट सोडला गेला. त्यातले काही वाचले, पुन्हा तुटलेला भाग उगवू लागले आणि हळूहळू त्यांच्या सगळ्या पेशी पाहुण्या पेशीच्या वंशातल्या झाल्या. मात्र हे वाचून 'एका पेशीपासून प्लॅनेरिया होतो' असं मुलांना सांगू नका. ती पेशी नुसत्या पाण्यात ठेवली तर काहीच होत नाही. कुठे काय बांधायचं हे सांगणारं शरीर तिच्याभोवती लागतं.

प्रश्न : प्रात्यक्षिकात सूक्ष्मदर्शकाखाली आम्हाला फक्त दोन डोळे आणि तपकिरी पट्टी दिसते. पुस्तकातल्या आकृतीतलं बाकीचं कुठे असतं? (बी. एस्सी. विद्यार्थी, नाशिक)

आकृतीत शरीरातल्या सगळ्या संस्था एकाच वेळी दाखवतात, प्रत्यक्षात त्या एकावर एक असतात आणि वरून रंगद्रव्याचा पडदा. त्यामुळे एका बैठकीत सगळं दिसणार नाही.

आधी डोकं पाहा. डुगेसिया या प्लॅनेरियाचं डोकं त्रिकोणी असतं आणि दोन्ही बाजूंना कानांसारखे उंचवटे असतात. ते ऐकायचे कान नाहीत. पाण्यातला वास-चव ओळखणाऱ्या चेतापेशी तिथे दाटलेल्या असतात. डोळा तिरळा वाटतो तो रंगद्रव्यामुळे. प्रत्येक डोळ्यात काळी वाटी असते आणि तिच्या तोंडाशी प्रकाश ओळखणाऱ्या पेशी. भोवतीचा पांढरा भाग म्हणजे रंगद्रव्य नसलेली त्वचा, त्यातून प्रकाश आत शिरतो. भिंग नसल्यामुळे चित्र उमटत नाही, उजेड कुठून येतोय एवढं मात्र नक्की कळतं. टॉर्च एका बाजूने धरा, तो विरुद्ध दिशेला वळेल.

तोंड डोक्यावर नसतं, हा विद्यार्थ्यांना सर्वांत जास्त चकवणारा भाग. शरीराच्या मध्याच्या किंचित मागे, पोटाच्या बाजूला ते असतं. काचेची बशी उचलून खालून भिंगाने पाहा, मध्यभागी फिकट लांबट नळी दिसेल. तीच ग्रसनी. खाताना ती तोंडातून बाहेर येते, भक्ष्यात शिरते आणि चोषण करते.

आतडं पाहायचं असेल तर रंगाची युक्ती करा. कलेजीच्या लगद्यात खाण्याच्या लाल रंगाचा एखादा थेंब मिसळून खायला द्या आणि तासा-दीड तासाने फिकट रंगाचा प्राणी खालून उजेड देऊन पाहा. ग्रसनीच्या मुळापासून एक फाटा डोक्याकडे आणि दोन फाटे शेपटीकडे गेलेले दिसतील. त्या तिन्हींना पुष्कळ उपफाटे असतात. या तीन फाट्यांवरूनच या गटाला ट्रायक्लॅड हे नाव पडलं. गुदद्वार नाही. न पचलेलं जसं आत गेलं तसंच तोंडातून बाहेर येतं.

या फाट्यांचा शरीरभर पसरलेला पसारा उगाच नाही. चपट्या कृमींना रक्त नाही, हृदय नाही, कल्ले किंवा फुप्फुसंही नाहीत. देहगुहाही नाही, मधली जागा पेशींनी भरलेली असते. ऑक्सिजन त्वचेतून झिरपत आत जातो आणि अन्न आतड्याच्या जवळच्या फाट्यातून शेजारच्या पेशीत. झिरपून पोहोचण्याचं अंतर मिलिमीटरच्या अंशातच परवडतं. प्राणी चपटा आहे तो यामुळे. लांबी वाढली तर चालते, जाडी वाढून चालत नाही.

मेंदू जिवंत प्राण्यात दिसत नाही. डोळ्यांखाली उलट्या 'यू' आकाराची चेतापेशींची जुडी असते, तिथून पोटाच्या बाजूने दोन चेतारज्जू शेपटीपर्यंत जातात आणि आडव्या धाग्यांनी एकमेकांना जोडलेले असतात. ज्वालापेशींसाठी उच्च विवर्धन आणि काचपट्टीखाली हलका दाबलेला प्राणी लागतो. सूक्ष्म केसांचा झुबका नळीत फडफडताना दिसला की ती ज्वालापेशी. शरीरातलं जादा पाणी बाहेर काढणं हे तिचं मुख्य काम.

चालताना प्राणी घसरत जातो असं वाटतं. पोटाखालचे सूक्ष्म केस स्वतःच सोडलेल्या चिकट स्रावावर वल्हवतात. स्नायूंचा उपयोग वळायला, आक्रसायला आणि पळून जायला होतो. सुरवंटासारखं अंग आखडत-ताणत चालणारा प्राणी दिसला तर समजा तो चिडलाय किंवा पाणी बिघडलंय.

प्रश्न : शाळेच्या विज्ञान मंडळात पुनर्जननाचा प्रयोग करायचा आहे. साहित्य, प्रमाणं आणि रोजची नोंद कशी ठेवायची ते सविस्तर सांगा. मागच्या वेळी सगळे तुकडे तीन दिवसांत विरघळून गेले. (विज्ञान शिक्षक, कोल्हापूर)

तीन दिवसांत विरघळले म्हणजे दोष जवळजवळ नक्कीच पाण्याचा, उष्णतेचा किंवा भरल्या पोटाचा. कापण्यातला दोष इतक्या सरसकट मारत नाही.

*पाणी.* नळाचं पाणी थेट कधीच वापरू नका, क्लोरीन घात करतो. उघड्या टबात २४ ते ४८ तास ठेवलं तर साधा क्लोरीन उडतो, क्लोरामाइन मात्र उडत नाही. घरातल्या आरओ यंत्राचं आणि ऊर्ध्वपातित पाणीही नको. त्यात क्षार इतके कमी असतात की प्राणी फुगतो आणि मरतो. जिथून प्राणी आणले त्याच ओढ्याचं पाणी दाट कापडातून गाळून वापरणं सर्वांत सोपं. ०.०१ ग्रॅम मोजणारा काटा असेल तर प्रयोगशाळांत वापरतात ते मिश्रण बनवा. ऊर्ध्वपातित पाणी १० लिटर, त्यात मीठ म्हणजे शुद्ध सोडियम क्लोराइड ०.९४ ग्रॅम, कॅल्शियम क्लोराइड डायहायड्रेट १.४७ ग्रॅम, मॅग्नेशियम सल्फेट हेप्टाहायड्रेट २.४६ ग्रॅम, मॅग्नेशियम क्लोराइड हेक्झाहायड्रेट ०.२० ग्रॅम, पोटॅशियम क्लोराइड ०.०७ ग्रॅम आणि सोडियम बायकार्बोनेट १.०१ ग्रॅम. पीएच ७ च्या आसपास हवा. स्वयंपाकघरातलं आयोडीनयुक्त मीठ यात घालू नका. या मिश्रणाला मोंजुईक क्षार म्हणतात, ते नाव बार्सिलोनातल्या मोंजुईक टेकडीवरून पडलं. जगभरच्या प्रयोगशाळांत श्मिट्टिया मेडिटेरानिया या जातीचा जो वंश सर्वाधिक वापरला जातो, तो तिथल्याच एका कारंज्यातून आणला होता.

*भांडी.* काच किंवा खाण्यायोग्य प्लास्टिक. साबणाने धुतलेलं भांडं वापरू नका, साबणाचा पुसट अंशही पुरतो. तांब्याच्या भांड्यात साठवलेलं पाणी तर मुळीच नको, तांबं या प्राण्यांना विषारी आहे. पाण्याची खोली एक-दोन सेंटिमीटर पुरे, वर सैल झाकण आणि जागा अंधारी.

*तापमान.* १८ ते २२ अंश सेल्सिअस. एप्रिल-मे महिन्यांत हा प्रयोग न ठरवलेलाच बरा. करायचाच असेल तर ओल्या वाळूच्या परातीत बशा ठेवून वर ओलं फडकं टाका, काही अंश तरी खाली येतात. पाणी २५ च्या वर टिकून राहिलं तर जंतू वाढतात आणि कापलेली कड सडते.

*प्राणी मिळवणं.* सावलीतल्या, स्वच्छ, मंद वाहत्या पाण्यातले दगड उलटे करून खालची बाजू पाहा. नाही सापडले तर कलेजीचा सुपारीएवढा तुकडा दोऱ्याला बांधून दगडांत सोडा आणि तासाभराने उचला. किडा मऊ ब्रशने हलवा, चिमट्याने धरू नका. जळूशी गोंधळ होतो. जळूला दोन्ही टोकांना चूषक असतात आणि ती वाकून पावलं टाकते.

*खाणं.* कोंबडीची किंवा बकऱ्याची ताजी कलेजी पडदे काढून वाटा, गाळणीतून गाळा आणि छोट्या गोळ्या करून गोठवा. आठवड्यातून एकदा पुरे. एक ते दोन तासांत उरलेलं सगळं काढा आणि पाणी बदला. दुसऱ्या दिवशी पुन्हा बदला. कलेजी रात्रभर पाण्यात राहिली तर सकाळी बशी दुधाळ होते आणि प्राणी मरतात.

*कापण्याआधी सात दिवस उपास.* ही पायरी बरेच जण गाळतात. भरलेलं आतडं कापलं की त्यातलं अन्न जखमेवर पसरतं आणि तुकडा सडतो. तुमच्या मागच्या प्रयोगात हेच झालं असण्याची शक्यता मोठी.

*कापणं.* बर्फाच्या ट्रेवर पेट्रीची बशी उलटी ठेवा, तिच्यावर ओला टिपकागद अंथरा आणि ब्रशने प्राणी ठेवा. गारव्याने तो आक्रसत नाही, लांब पसरून स्थिर होतो. नवं ब्लेड स्पिरिटने पुसा आणि मग पाण्याने धुवा, स्पिरिट राहता कामा नये. वरून सरळ एकदाच दाबा, करवतीसारखं पुढे-मागे ओढू नका. पहिल्यांदा तीनच तुकडे करा: डोळ्यांच्या मागून एक छेद, ग्रसनीच्या मागून दुसरा. डोकं, धड आणि शेपूट वेगळ्या बशांत ठेवा, एका बशीत पाच ते दहा तुकडे. एका बशीत न कापलेले प्राणीही ठेवा. तेही मेले तर दोष पाण्याचा, हे लगेच कळतं.

*नोंद.* पहिल्या अर्ध्या तासात स्नायू आक्रसून जखम लहान होते. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी कडेला पांढरट, रंग नसलेला कोंब दिसतो. नवा भाग आणि जुना भाग यांची सीमा ओळखायची ती या रंगावरून. चौथ्या ते सहाव्या दिवशी धडाच्या आणि शेपटीच्या तुकड्यांवर दोन काळे ठिपके, म्हणजे डोळे. साधारण सातव्या दिवसापर्यंत नवी ग्रसनी. दोन आठवड्यांत प्रमाण जुळतं. प्राणी मूळ आकाराचा नसतो, लहानच असतो, पण डोकं-धड यांचं माप एकमेकांना साजेसं होतं. मुलांना ग्राफपेपरवर बशी ठेवून लांबी मोजायला सांगा. डोक्याचा तुकडा आधी आणखी आखूड होतो, मग पातळ होऊन लांबतो. जुन्या ऊतीचीच फेरमांडणी चालू असते, नुसती नवी भर नाही.

दर दोन दिवसांनी पाणी बदला. राखाडी कडा, गोळा झालेला तुकडा किंवा ढगाळ पाणी दिसलं तर तो तुकडा लगेच काढा, शेजाऱ्यांना लागण होते. खाणं दहा ते चौदा दिवसांनंतरच. ग्रसनी नसलेला तुकडा खाऊ शकत नाही, कलेजी टाकली तर जंतूंचंच पोट भरतं. प्रयोग संपल्यावर प्राणी ज्या ओढ्यातले त्याच ओढ्यात सोडा, विकत आणलेले कुठेच सोडू नका.

प्रश्न : डोक्याला मधोमध चीर देऊन दोन डोक्यांचा प्लॅनेरिया करायचा होता. दर वेळी चीर भरून निघते. (विद्यार्थिनी, पुणे)

भरून निघणारच, कारण ताज्या जखमेच्या दोन्ही कडा एकमेकींना चिकटतात. चीर डोक्याच्या टोकापासून डोळ्यांच्या बऱ्याच मागे, पण ग्रसनीच्या आधी थांबेल अशी द्या. पहिल्या दिवसभरात काही वेळा आणि पुढचे दोन-तीन दिवस रोज तीच चीर बोथट सुईने किंवा ब्लेडच्या टोकाने हलकेच उघडा. प्रत्येक कडेने स्वतंत्र कोंब धरला की मग जुळत नाहीत.

प्रश्न : तुकड्याला कसं कळतं की पुढच्या कडेला डोकं आणि मागच्या कडेला शेपूट काढायची? दोन्ही जखमा तर सारख्याच. (निवृत्त प्राध्यापक, नागपूर)

या विषयातला हाच खरा प्रश्न. पेशी भरपूर असणं पुरेसं नाही, कुठे काय हवं ही माहितीही लागते, आणि ती निओब्लास्टपेक्षा स्नायूंच्या पेशींत साठवलेली असते. शरीराच्या लांबीवर वेगवेगळ्या जागी स्नायू वेगवेगळे संकेत सोडतात. २०१३ च्या संशोधनात हे स्पष्ट झालं.

मुख्य संकेत विंट नावाच्या प्रथिनांचा. शेपटीकडे तो जास्त, डोक्याकडे कमी. पेशीच्या आत त्याचं काम बीटा-कॅटेनिन हे प्रथिन पुढे नेतं. २००८ साली वेगवेगळ्या प्रयोगशाळांनी बीटा-कॅटेनिनचं जनुक गप्प केलं, तर शेपटीच्या जखमेतून डोकं उगवलं. काही प्राण्यांना तर कडेकडेने डोकीच डोकी आली. उलट, बीटा-कॅटेनिनला आवर घालणारं एपीसी हे प्रथिन बंद केलं तर डोक्याच्या जागी शेपूट. मग जखमेला दिशा कशी कळते? विंटला अडवणारं नोटम हे जनुक पुढे तोंड असलेल्या जखमेत जास्त चालू होतं, मागच्या जखमेत कमी. म्हणजे 'पुढचं' आणि 'मागचं' हा भेद जखमेच्या पहिल्या तासांतच ठरतो. मॉर्गन यांना फार पूर्वी दिसलं होतं की अगदी अरुंद आडव्या पट्ट्यांना कधीकधी दोन्ही बाजूंना डोकी येतात.

दुसरी बाबही लक्षात घेण्याजोगी. जखम झाल्यावर सुमारे सहा तासांत निओब्लास्टांचं विभाजन शरीरभर वाढतं, नुसती सुई टोचली तरी. दोनेक दिवसांनी दुसरी लाट येते, ती फक्त जखमेजवळ आणि फक्त भाग खरोखर गमावला असेल तेव्हाच. 'कापलं' आणि 'कमी झालं' यांतला फरक शरीर ओळखतं.

आणि सगळ्याच प्लॅनेरियांना हे जमत नाही. युरोपातल्या डेंड्रोसीलम लॅक्टियम या पांढऱ्या जातीचा मागचा अर्धा भाग कापला तर जखम भरते, डोकं मात्र येत नाही. निओब्लास्ट तर तिथे असतात. २०१३ साली बीटा-कॅटेनिन दाबल्यावर त्याच तुकड्यांना डोकी आली, डोळ्यांसह. उणीव बांधणाऱ्या पेशींची नव्हती, सूचनेची होती. आमच्या मते प्लॅनेरियावरचा सर्वांत शिकवणारा प्रयोग हा आहे, दोन डोक्यांच्या तमाशापेक्षा कितीतरी अधिक.

प्रश्न : उपाशी प्लॅनेरिया लहान होत जातो हे खरं का? (वाचक, बेळगाव)

खरं. त्याच्या पेशी लहान होत नाहीत, पेशींची संख्या कमी होते. दोन सेंटिमीटरचा प्राणी महिनोन्महिने उपाशी राहून एखाद्या मिलिमीटरपर्यंत येऊ शकतो, अवयवांचं प्रमाण राखून. खायला मिळालं की पुन्हा वाढतो.

प्रश्न : डोकं कापल्यावर नव्या डोक्यालाही जुनं शिकलेलं आठवतं, असं वाचलं. विश्वास ठेवायचा का? (वाचक, दादर)

अर्धा. १९५० आणि ६० च्या दशकांत मिशिगन विद्यापीठातल्या जेम्स मॅक्कॉनेल यांनी प्लॅनेरियांना विजेचा झटका आणि प्रकाश यांची जोड शिकवल्याचं सांगितलं. शिकलेला किडा वाटून दुसऱ्याला खायला घातला की त्यालाही ते येतं, इथपर्यंत दावे गेले. इतरांना ते नीट साधेनात. मेल्विन कॅल्विन आणि एडवर्ड बेनेट यांनी १९६४ मध्ये प्लॅनेरियाला भरवशाने शिकवताच येत नाही असं मांडलं. खाऊन स्मृती मिळते हा दावा आज कोणी गंभीरपणे घेत नाही.

डोकं कापण्याचा भाग मात्र २०१३ साली पुन्हा उघडला गेला. टफ्ट्स विद्यापीठात टाल शोमरात आणि मायकेल लेव्हिन यांनी माणसाचा हात न लागता यंत्राने शिकवणी दिली. खरखरीत तळाच्या बशीत राहायची सवय लागलेले किडे, डोकं कापून नवं आल्यावरही, एका छोट्या उजळणीनंतर त्या बशीत इतरांपेक्षा लवकर खायला धजावले. उजळणीशिवाय फरक दिसला नाही. 'आठवतं' म्हणण्यापेक्षा 'पुन्हा लवकर शिकतो' म्हणणं प्रामाणिक ठरेल.

प्रश्न : पावसाळ्यात गांडूळखताच्या टाकीजवळ वीतभर लांब, चिकट, पाठीवर काळ्या रेघा असलेला आणि फावड्यासारख्या डोक्याचा किडा दिसतो. विळ्याने कापला तर तुकडे हलत राहतात. काय करावं? (बागायतदार, देवरुख)

आधी विळा खाली ठेवा. हा बायपॅलियम वंशातला जमिनीवरचा प्लॅनेरिया दिसतो आणि त्याच्या तुकड्यांपासून नवे प्राणी होतात. पाच काळ्या रेघांचा बायपॅलियम केवेन्स हा मूळ आग्नेय आशियातला. कुंड्या आणि रोपांच्या मातीतून तो जगभर पोहोचला. त्याचं वर्णन १८७८ साली लंडनजवळच्या क्यू बागेतल्या काचघरात सापडलेल्या प्राण्यावरून झालं. पुनरुत्पादनासाठी तो स्वतःच शेपटीचा तुकडा मागे सोडतो, म्हणजे विळ्याने आपण त्याचंच काम करतो.

याचं खाणं गांडूळ. गांडुळाच्या अंगावर पसरून, चिकटून, ग्रसनी बाहेर काढून तो त्याला विरघळवत शोषतो. २०१४ च्या अभ्यासात या वंशातल्या दोन जातींत टेट्रोडोटॉक्सिन सापडलं, म्हणजे पफर माशातलं विष. नुसत्या स्पर्शाने माणसाला धोका नाही, तरी उघड्या हाताने धरू नका आणि कोंबड्या-कुत्र्यांना चघळू देऊ नका.

उपाय असा. संध्याकाळी टाकीभोवती ओलं गोणपाट अंथरा, सकाळी उलटून पाहा. कोरडेपणा याला सोसत नाही, त्यामुळे दिवसा तो ओलाव्याखालीच लपतो. काडीने अख्खा उचलून झाकणाच्या बरणीत घाला आणि त्यात मूठभर मीठ किंवा व्हिनेगर टाका. मीठ बरणीतच, मातीत नाही, नाहीतर गांडुळंच मरतील. बाहेरून आणलेली कुंडी टाकीजवळ नेण्याआधी तळाची भोकं आणि मुळांभोवतीची माती तपासा. मात्र दिसेल तो मारा असं आम्ही म्हणणार नाही. भारतात बायपॅलियमच्या स्थानिक जातीही आहेत. टाकीपासून दूर, रानातल्या पालापाचोळ्यात दिसला तर सोडून द्या.

प्रश्न : पट्टकृमीही चपटाच. औषधानंतर शौचातून पट्ट्यांचे तुकडे पडले, पण डोकं आत राहिलं तर तो पुन्हा वाढतो का? (वाचक, औरंगाबाद)

डोकं आणि त्यामागची मान शाबूत राहिली तर वाढतो. पट्टकृमीला आतडंच नसतं, तो त्वचेतून अन्न शोषतो. डोक्यावरचे चूषक फक्त धरून राहण्यासाठी. नवे खंड तयार होतात ते मानेत, आणि जुने मागे ढकलले जातात. म्हणून खंड पडणं हे बरं झाल्याचं लक्षण नाही, औषधाविनाही पिकलेले खंड रोज गळतात.

उलट बाजूही सांगू. पडलेल्या खंडापासून पूर्ण कृमी होत नाही. उंदरांतल्या हायमेनोलेपिस पट्टकृमीवर २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसलं की मान असलेला, डोकं नसलेला तुकडा नवे खंड काढतो, पण मर्यादित काळच. मान नसलेला तुकडा एकही नवा खंड काढत नाही. डोकं तर कोणालाच पुन्हा येत नाही. मूलपेशी मात्र मागच्या खंडांतही असतात.

पडलेल्या खंडांचा धोका वेगळाच आहे. डुकराच्या मांसातून येणाऱ्या टीनिया सोलियमची अंडी पोटात गेली तर मेंदूत गाठी होऊ शकतात. हात धुणं, कच्ची भाजी धुणं आणि औषधानंतर डॉक्टर सांगतील तेव्हा शौचाची फेरतपासणी, यांत कुचराई नको. प्राझिक्वांटेल किंवा निक्लोसामाइड डॉक्टरांच्या सल्ल्यानेच घ्या.

प्रश्न : रक्तातला चपटा कृमी कोकणात होता असं ऐकलं. (वैद्यकीय विद्यार्थी, मिरज)

रत्नागिरी जिल्ह्यातलं गिमवी. १९५२ साली गाडगीळ आणि शाह यांनी तिथल्या लघवीतून रक्त जाणाऱ्या रुग्णांचा अभ्यास करून शिस्टोसोमाची, म्हणजे रक्तात राहणाऱ्या या चपट्या कृमीची, स्थानिक लागण नोंदवली. मधला यजमान म्हणून फेरिसिया टेन्युइस या गोगलगायीचं नाव पुढे आलं. बहुतेक चपटे कृमी उभयलिंगी असतात, शिस्टोसोमात नर-मादी वेगळे, आणि मादी नराच्या शरीराच्या घडीत राहते. २०१३ मध्ये त्यांच्या शरीरातही निओब्लास्टसारख्या पेशी सापडल्या. माणसाच्या शिरेत हे कृमी वर्षानुवर्षं टिकतात, त्यामागे या पेशींचं दुरुस्तीकाम असावं असं मानलं जातं.

प्रश्न : कोळंबीच्या मत्स्यटाकीत काचेवर पांढरे चपटे किडे झालेत. चिरडले तर वाढतात का? (वाचक, ठाणे)

वाढू शकतात, म्हणून काचेवर चिरडू नका. आधी खात्री करा. डोकं त्रिकोणी आणि दोन डोळे असतील तर प्लॅनेरिया. धाग्यासारखे, पाण्यात वळवळत पोहणारे असतील तर ते खरकट्यावर जगणारे निरुपद्रवी कृमी. प्लॅनेरिया झाले म्हणजे टाकीत खाणं जास्त पडतंय. खाणं निम्मं करा आणि तळाची घाण नळीने ओढून काढा. एका छोट्या बाटलीच्या झाकणाला कोळंबी शिरणार नाही अशी दोन-तीन मिलिमीटरची भोकं पाडा, आत कलेजीचा कण टाका, रात्री दिवे मालवल्यावर तळाशी ठेवा आणि सकाळी उचला. आठ-दहा रात्री हे करा. फेनबेंडाझोल हे जंतनाशक परिणामकारक आहे, पण ते वाळूत मुरतं आणि शोभेच्या गोगलगायींना नंतरही बाधतं. गोगलगायी ठेवायच्या असतील तर त्या वाटेला जाऊ नका. तांबंयुक्त औषधांनी किड्यांआधी कोळंबीच मरेल.